सांगलीत राहून निसर्ग आणि कलेवर स्वतंत्र माहितीपट करत पोट भरता येतं का?

फक्त त्यावर? पहिली काही वर्षं तरी नाही. लग्नाची शूटिंग, संस्थांच्या छोट्या फिल्म्स, एडिटिंगची कामं यांवरच घर चालतं. स्वतःची फिल्म त्यातून वेळ काढून करायची. पण मुंबई गाठायलाच हवी असं अजिबात नाही, कारण विषय सगळे इकडेच पडलेत.

मिरजेचंच घ्या. तिथल्या सतार-तंबोऱ्याला २०२४ मध्ये जीआय (भौगोलिक) मानांकन मिळालं, मग बातम्यांसाठी सगळे वाद्यांच्या भोपळ्यांचे फोटो काढून गेले. खरी गंमत जवारीत, म्हणजे तारेचा नाद खुलवायच्या कामात आहे. कारागीर घोडीचा (तारा जिच्यावर टेकतात त्या पट्टीचा) माथा कानसीनं किंचित घासतो, तार छेडतो, ऐकतो, परत घासतो. तारेखाली दोरा सरकवला की बोथट आवाज एकदम खुलतो. हे टिपायला कॅमेऱ्यापेक्षा चांगला माइक लागतो. पहिले पैसे तिथेच घाला.

साताऱ्याकडे औंधचं श्रीभवानी संग्रहालय आहे. औंध संस्थानाचे राजे पंतप्रतिनिधी यांनी उभारलेलं, राजा रविवर्म्याच्या चित्रांसकट. चित्रीकरणाची परवानगी आधी लेखी घ्या. कासचं पठार सप्टेंबरात सगळेच शूट करतात, म्हणून मी म्हणेन उन्हाळ्यात जा, नुसता जांभा दगड उघडा पडलेला असताना. कारवीचं झुडूप ७-८ वर्षांनी फुलतं, तेव्हा असा विषय धरलात तर एका फिल्मला तेवढा काळ द्यायची तयारी हवी. ड्रोन वनखात्याला विचारल्याशिवाय उडवू नका.

फिल्म तयार झाली की मुंबईच्या मिफ या चित्रपट महोत्सवाला पाठवा. दर दोन वर्षांनी असतो, खास माहितीपट, लघुपट आणि ॲनिमेशनसाठी.