फ्लॅट वडिलांचा, नॉमिनी धाकटा भाऊ

प्रश्न : ठाण्यातील एका सहकारी गृहनिर्माण संस्थेत वडिलांनी स्वतःच्या कमाईतून घेतलेला फ्लॅट आहे. २०२१ साली मृत्युपत्र न करता ते वारले. नॉमिनी म्हणून धाकट्या भावाचे नाव असल्याने संस्थेने भाग दाखल्याच्या (शेअर सर्टिफिकेटच्या) मागे त्याचे नाव चढवले आणि आता तो फ्लॅट विकायला निघाला आहे. आई तेथेच राहते. मी व थोरल्या भावाने हरकत घेतली, तेव्हा "नॉमिनेशन आहे, आमच्या दृष्टीने विषय संपला," असे सचिव म्हणाले. माझे लग्न झाल्यामुळे माझा हक्क उरत नाही, असेही सांगितले जाते. (वडिलांची आई गेल्या वर्षी गावी वारली, आजोबा फार पूर्वीच गेले.) आम्ही काय करावे? – एक वाचक, ठाणे

उत्तर : सचिवांचा विषय संपला असेल, तुमचा नाही. सभासद गेल्यावर देखभाल खर्चाची बिले कोणाच्या नावाने काढायची, पत्रव्यवहार कोणाशी करायचा, ही संस्थेची अडचण दूर व्हावी एवढ्यासाठी नामनिर्देशन असते. मालकी कोणाची, हे ते ठरवीत नाही. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियमात २०१९ साली गृहनिर्माण संस्थांसाठी जे स्वतंत्र प्रकरण घातले गेले, त्यातील कलम १५४ब-१३ नुसार कायदेशीर वारस सभासद म्हणून दाखल होईपर्यंत नॉमिनीला केवळ तात्पुरता सभासद करून घ्यायचे असते. तुमचे वडील या दुरुस्तीनंतर वारले असल्याने ती तुम्हाला लागू आहे. नॉमिनीच्या नावे हस्तांतरण करणे संस्थेवर बंधनकारक ठरवणाऱ्या, सर्वोच्च न्यायालयाच्या २०१६ च्या इंद्राणी वाही निकालाकडे अनेक समित्या बोट दाखवतात. पण तो पश्चिम बंगालच्या सहकार कायद्याखालचा आहे आणि वारसांनी आपला हक्क न्यायालयात मागण्याची वाट त्यातही खुलीच ठेवली आहे.

आता वाटा. तुम्हाला हिंदू वारसा कायदा लागू आहे असे धरतो. त्यानुसार विधवा, मुलगे, मुली आणि मृताची आई हे सगळे पहिल्या वर्गातील वारस असून प्रत्येकाला सारखा वाटा मिळतो. मुलीचे लग्न झाले आहे की नाही, याला काहीही महत्त्व नाही. तुम्ही आजीचा उल्लेख कंसात केला आहे, परंतु या प्रकरणाची खरी गाठ त्या कंसातच आहे. वडील गेले त्या दिवशी आजी हयात होती, म्हणजे फ्लॅटचे चार नव्हे, पाच वाटे झाले : आई, तुम्ही तीन भावंडे आणि आजी. आजीनेही मृत्युपत्र केलेले नसेल, तर तिचा एक पंचमांश तिच्या सर्व मुलामुलींकडे जातो आणि तिच्या आधी वारलेल्या मुलाचा, म्हणजे तुमच्या वडिलांचा, वाटा त्यांच्या मुलांना मिळतो. समजा तुम्हाला एक काका व एक आत्या आहेत, तर त्या दोघांचा प्रत्येकी एक पंधरांश हिस्सा या फ्लॅटमध्ये आहे. गावाकडची माणसे ठाण्याच्या घरात कशी आली, असे वाटेल खरे. पण त्यांच्या सह्यांवाचून केलेली वाटणी पुढे खरेदीदाराचा वकील हमखास अडवतो.

धाकटा भाऊ स्वतःचा अविभक्त हिस्सा विकू शकतो, संपूर्ण फ्लॅट नव्हे. म्हणून संस्थेला आजच लेखी पत्र द्या : सर्व वारसांची नावे व नाते लिहा, वडिलांचा मृत्यूचा दाखला जोडा, भावाची नोंद तात्पुरत्या सभासदाचीच समजावी आणि वारसांच्या संमतीविना हस्तांतरणास मान्यता देऊ नये, असे स्पष्ट कळवा. दुसऱ्या प्रतीवर संस्थेचा शिक्का व तारीख घ्यायला विसरू नका. एवढ्यावर भाऊ थांबला नाही, तर दिवाणी न्यायालयात वाटपाचा दावा लावून विक्रीविरुद्ध मनाई हुकूम मागावा लागेल. मालकीचा वाद सोडवणे हे ना समितीचे काम आहे, ना सहकार खात्याच्या उपनिबंधकांचे.

माझे मत विचाराल तर दाव्याआधी एकदा सगळ्यांनी एकत्र बसावे. कलम १५४ब-१३ मध्ये वारसांनी केलेला कौटुंबिक व्यवस्थेचा दस्तही मान्य आहे. आईचे छप्पर शाबूत राहावे अशी सर्वांची इच्छा असेल, तर बाकीच्यांनी तिच्या नावे हक्कसोडपत्र करून द्यावे. मात्र ते दस्तनोंदणी करणाऱ्या दुय्यम निबंधकांकडे नोंदवलेलेच हवे. स्टॅम्प पेपरवर नोटरी करून आणलेल्या कागदाने स्थावरातील हक्क सुटत नाही.

प्रश्न : पतीच्या निधनानंतर फ्लॅट माझ्या नावावर करण्यासाठी संस्था पंचवीस हजार रुपये अधिमूल्य (प्रीमियम) मागते. मी नॉमिनी आहे. पैसे भरावेत का? – एक वाचक, पुणे

उत्तर : अधिमूल्य भरू नये. आदर्श उपविधींप्रमाणे (संस्थांसाठीच्या नमुना नियमांप्रमाणे) पंचवीस हजार ही विक्रीच्या हस्तांतरणासाठीची कमाल मर्यादा आहे. मृत्यूनंतर नॉमिनीच्या किंवा वारसाच्या नावे होणाऱ्या हस्तांतरणावर अधिमूल्य घेता येत नाही. हस्तांतरण शुल्क ५०० रुपये व प्रवेश शुल्क १०० रुपये तेवढे द्यावे लागतात. अर्ज निधनापासून सहा महिन्यांच्या आत करणे अपेक्षित आहे, तेव्हा या वादापायी तो अडवून ठेवू नका. अर्ज देऊन पोहोच घ्या. तीन महिन्यांत संस्थेने निर्णय कळवला नाही, तर सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम २२ प्रमाणे सभासदत्व मिळाल्याचे मानले जाते. नकार आला, तर उपनिबंधकांकडे अपील करता येते.