श्रेयनामावलीत ‘साउंड डिझाइन’ला काय लिहावं?

प्रश्न असा: नागपुरातल्या एका मित्रमंडळीनं कळमना मार्केटमधल्या संत्र्यांच्या लिलावावर माहितीपट केलाय. आवाजाचं सगळं काम एकाच मुलानं केलं. त्याच्या नावापुढे ‘ध्वनिमुद्रण’ लिहायचं, ‘ध्वनिसंयोजन’ की ‘ध्वनी आरेखन’?

माझं मत ‘ध्वनियोजना’. रंगभूमीवर ‘लाइट डिझाइन’ला आपण कधीच ‘प्रकाश आरेखन’ म्हटलं नाही, ‘प्रकाशयोजना’ म्हटलं. तयार वाट आहे, तर तीच धरावी. ‘आरेखन’ म्हटलं की सरकारी कचेरीतला नकाशे काढणारा आरेखक आठवतो. शिवाय हिंदी चित्रपटांच्या श्रेयपाट्यांवर ‘ध्वनि आलेखन’ असतं ते रेकॉर्डिंगसाठी. एका अक्षरानं घोटाळा व्हायचा. ‘संयोजन’ संगीतात मुरलंय, आणि संयोजक तर बिल्ला लावून मंडपात फिरणारा!

‘ध्वनिमुद्रण’ चूक नाही, पण अर्धंच आहे. मुद्रण म्हणजे जागेवर बूम (लांब दांड्याचा माइक) धरून आवाज टिपणं. योजना त्याच्या आधी सुरू होते नि नंतरही चालते. समजा, बागायतदाराची मुलाखत एप्रिलमध्ये त्याच्या घरी घेतली. अर्धी कूलर चालू ठेवून, अर्धी बंद करून. एडिटिंगला दोन तुकडे जोडले की वाक्याच्या मधोमध कूलर बंद पडतो! म्हणून कूलर आधीच बंद करायचा, घाम पुसत बसायचं, आणि बोलणं संपल्यावर सगळ्यांना गप्प करून त्या खोलीचा नुसता आवाज मिनिटभर घ्यायचा. याला सगळे ‘रूम टोन’च म्हणतात, तेच राहू द्या. सांधे बुजवायला तोच कामी येतो. पुढे लिलावाची बोली कुठे मोठी ठेवायची, हमालांचा गलका कुठे विरवायचा, मुलाखतीचं चित्र यायच्या आधीच त्याचा आवाज कुठे सुरू करायचा, हे ठरवणं म्हणजे योजना. माहितीपटात त्यात एक जबाबदारीही येते. नसलेली बोली दुसरीकडून आणून चिकटवली, तर प्रेक्षक ती खरीच समजतो.

हे वेगळेपण राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांतही काही वर्षं दिसलं. २००९ ते २०२१ सालच्या चित्रपटांसाठी ‘ऑडिओग्राफी’च्या, म्हणजे ध्वनीच्या, एका पुरस्काराचे तीन झाले होते: जागेवरचं ध्वनिमुद्रण, साउंड डिझाइन आणि शेवटचं मिश्रण.

आता शुद्धलेखन. सुटा शब्द ‘ध्वनी’, दीर्घ. समासात पहिला आला की ऱ्हस्व, आणि शब्द जोडून: ध्वनियोजना, ध्वनिमिश्रण. ‘ध्वनी योजना’ असं तोडून लिहिलं तर एखादी सरकारी योजना वाटेल.

तर या मुलासाठी ‘ध्वनिमुद्रण व ध्वनियोजना’ अशी एकच ओळ पुरे. मिक्सिंग स्टुडिओत दुसऱ्या कुणी केलं असेल, तर त्याची ‘ध्वनिमिश्रण’ म्हणून वेगळी ओळ द्या.