हत्तींमधली डोव्हिमा आणि पिझ्झाचं हॉटेल

पत्र (थोडं संक्षिप्त करून) : मी डोंबिवलीची, वय ४३. विशीत मुंबईत साड्यांचं आणि दागिन्यांचं मॉडेलिंग करायचे, दोन मालिकांत लहान भूमिकाही केल्या. तिशीनंतर कामं येईनाशी झाली. आता ठाण्यातल्या एका मोठ्या रेस्टॉरंटमध्ये दाराशी उभी राहून आलेल्यांना टेबल देते. पगार वेळेवर हातात मिळतो, मालक माणूस म्हणून चांगले आहेत. परवा माझ्या जाऊबाईंनी घरच्या ग्रुपवर डोव्हिमा नावाच्या जुन्या अमेरिकन मॉडेलची माहिती टाकली. हत्तींबरोबरचा तिचा फोटो, आणि म्हातारपणी ती पिझ्झाच्या हॉटेलात कामाला होती, हे. खाली लिहिलं, ‘कुणाची आठवण झाली?’ सगळे हसले. पुढच्या महिन्यात पुतणीचं लग्न आहे. मिस्टर म्हणतात, तिथे ‘हॉटेल कन्सल्टंट’ आहे असं सांग. त्यातच गेल्या आठवड्यात एका बाईंनी मला ओळखलं : ‘त्या कॅलेंडरवरच्या तुम्हीच ना?’ मी ‘नाही’ म्हटलं आणि घरी येऊन खूप रडले. नोकरी सोडू का?

उत्तर :

नाही. पाय दुखतात म्हणून सोडा, दुसरीकडे दोन पैसे जास्त मिळतात म्हणून सोडा, पण जाऊबाईंच्या त्या एका ओळीपायी सोडू नका.

त्यांनी टाकलेली माहिती खोटी नाही, पण अर्धी आहे. त्या अर्ध्या गोष्टीवर तुम्ही रडलात, म्हणून उरलेली सांगते.

डोव्हिमा न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागातली, एका पोलिसाची मुलगी. दहाव्या वर्षी तिला र्‍हुमॅटिक फीवर, म्हणजे सांध्यांना आणि हृदयाला त्रास देणारा ताप झाला आणि शाळेत हुंदडायच्या वयातली कित्येक वर्षं तिने अंथरुणावर चित्रं काढत घालवली. १९४९ मध्ये ‘व्होग’ या फॅशन मासिकाच्या संपादक मंडळीतल्या कुणाचं रस्त्यात तिच्याकडे लक्ष गेलं आणि लगोलग ती नामवंत छायाचित्रकार अर्व्हिंग पेनच्या कॅमेऱ्यासमोर उभी राहिली. पुढचा एक दात तुटका होता, म्हणून ती ओठ मिटून हसली. लोकांना ते गूढ हसू वाटलं. पुढे मोठ्या मॉडेल्सना तासाला २५ डॉलर मिळत असताना ती ६० घ्यायची, मिनिटाला एक.

आता तो फोटो नीट उघडून बघा, ग्रुपवरच्या लहान चौकटीत नको. ऑगस्ट १९५५, पॅरिसची सर्कस, छायाचित्रकार रिचर्ड अ‍ॅव्हेडॉन. अंगात दिओर या फॅशन कंपनीचा काळ्या मखमलीचा पोशाख, कमरेचा पांढरा पट्टा थेट जमिनीपर्यंत आलेला. तो पोशाख तेव्हा दिओरकडे नव्याने कामाला लागलेल्या ईव्ह सँ लोराँ या डिझायनरने तयार केला होता. मागे हत्ती, त्यांच्या पायांत साखळ्या. ही बाई एक हात एका हत्तीच्या सोंडेवर टेकवून, दुसरा दुसऱ्या बाजूला पसरून उभी आहे. चेहऱ्यावर भीतीचा मागमूस नाही. तुम्ही स्वतः तासन्‌तास दिव्यांखाली उभ्या राहिला आहात. अंग ताठ आणि चेहरा सैल ठेवायला काय लागतं, हे त्या ग्रुपमध्ये तुमच्याइतकं कुणाला कळणार आहे? तिच्याकडे देखणेपण होतंच, पण त्या फोटोत दिसतं ते कसब आहे.

२०१० मध्ये त्याची एक मोठी प्रत पॅरिसच्या लिलावात ८ लाख ४१ हजार युरोंना गेली. डोव्हिमाला जाऊन तेव्हा वीस वर्षं झाली होती. मॉडेलला पैसे मिळायचे ते उभं राहिल्याच्या तासांचे. पुढे त्या चित्राचं मोल कितीही वाढो, तो पैसा तिच्यापर्यंत यायची वाटच नव्हती. तिच्या उतारवयाबद्दल बोलताना हे कुणी सांगत नाही, आणि मला याचा राग येतो.

१९५७ च्या ‘फनी फेस’ या सिनेमात तिने मॅरियन नावाच्या मॉडेलची लहानशी भूमिका केली, तीही लोकांना हसवणारी. मग टीव्हीवर अधूनमधून किरकोळ कामं. पस्तिशी गाठायच्या आत, १९६२ मध्ये, तिने मॉडेलिंग थांबवलं. पुढे फ्लोरिडात आईवडिलांजवळ राहायला गेली आणि फोर्ट लॉडरडेलच्या एका पिझ्झा हॉटेलात आलेल्यांचं स्वागत करायचं काम धरलं. १९९० मध्ये कर्करोगाने गेली. जाऊबाईंच्या मजकुरात यातलं पहिलं टोक आणि शेवटचं टोक एवढंच होतं.

आता तिच्याच काळातली दुसरी बाई बघा, सूझी पार्कर. तासाला १०० डॉलर घेणारी पहिली मॉडेल म्हणून तिचं नाव घेतात. ‘फनी फेस’मध्ये तीही क्षणभर दिसते. १९५७ मध्ये हॉलिवूडचा मोठा नट कॅरी ग्रँट याची नायिका झाली, १९५८ मध्ये तसाच दुसरा मोठा नट गॅरी कूपर याच्याबरोबर दिसली, पण अभिनयात तिचा जम काही बसला नाही. १९६३ मध्ये तिने एका नटाशी लग्न केलं, हळूहळू पडद्यावरून निघून गेली आणि कॅलिफोर्नियात मुलंबाळं वाढवली. कॅमेरा दोघींचाही सुटला. पण सूझीबद्दल लोक कौतुकाने म्हणतात, संसारात रमली. डोव्हिमाने पोटासाठी नोकरी धरली, तर तिची वाताहत झाली म्हणतात. फरक कशात आहे? एकीच्या घरात पैसा होता आणि दुसरीला तो रोज उभं राहून मिळवावा लागला, एवढ्यातच. तुमच्या घरच्या ग्रुपवर हसले ते याच फरकाला हसले. तुम्ही आज नुसत्या घरी बसला असतात, तर त्यांना कुणाचीच आठवण झाली नसती.

याचा अर्थ तुम्हाला वाईट वाटू नये असा नाही. दिवे, मेकअप, नाव घेऊन हाक मारणारी माणसं, हे सगळं तिशीत संपतं तेव्हा बाईला आपलीच चोरी झाल्यासारखं वाटतं. ते दुःख खरं आहे. त्यासाठी रडावंसं वाटलं तर खुशाल रडा. पण ते दुःख वेगळं आणि आजच्या नोकरीची लाज वेगळी. दुसरी गोष्ट तुमच्या गळ्यात इतरांनी घातली आहे.

त्या कॅलेंडरवाल्या बाईंचं मला फार मनाला लागलं. वीसेक वर्षांनंतर कुणी परकं माणूस तुमचा चेहरा ओळखतं, आनंदाने विचारतं, आणि तुम्ही स्वतःलाच नाकारता. पुन्हा कुणी विचारलं तर ‘हो, मीच ती’ एवढंच म्हणा आणि टेबल दाखवा. हिशेब द्यायला बसू नका. ‘मग इथे कशा?’ असं विचारलंच, तर ‘इथे नोकरी करते’ हे पुरेसं आहे.

मिस्टरांचंही तसंच. त्यांच्या मनात वाईट नसावं, लग्नमंडपात चार लोकांसमोर तुम्हाला खाली बघायला लागू नये असं त्यांना वाटत असेल. पण खोटं हुद्द्याचं नाव तुम्ही एकदा सांगितलंत की पुढच्या प्रत्येक बारशाला ते सांभाळावं लागेल. आजच त्यांच्याशी बोला : ‘मी अमुक रेस्टॉरंटमध्ये काम करते, असंच सांगणार आहे, आणि तुम्ही माझ्या शेजारी उभे राहा.’ ते उभे राहिले तर जाऊबाईंचं बोलणं आपोआप बंद होईल. ग्रुपवर उत्तर देत बसू नका.

डोव्हिमाच्या गोष्टीत घाबरण्यासारखं काही असेल तर ते पिझ्झाचं हॉटेल नाही. अमाप कमाई होती तेव्हा पुढची तजवीज झाली नाही, ही भीतीची गोष्ट आहे. तुमच्या पत्रात ‘पगार हातात मिळतो’ हे वाक्य वाचून मी थांबले. हातात म्हणजे रोख का? पगारपत्रक मिळतं का? जिथे २० किंवा जास्त माणसं कामाला असतात तिथे पीएफचा कायदा लागू होतो, आणि एवढ्या मोठ्या रेस्टॉरंटमध्ये स्वयंपाकघर धरून तेवढी सहज असतील. मालक चांगले आहेत म्हणता, मग विचारायला संकोच कशाला? पगार बँकेत, फक्त तुमच्या नावावरच्या खात्यात जमा होऊ दे.

लग्नाला जा, ठेवणीतली साडी नेसून जा. आणि पीएफबद्दल मालक काय म्हणाले ते मला नक्की कळवा. त्यांनी टाळाटाळ केली तर पुढे तक्रार कुठे आणि कशी करायची ते लिहीन.