किचनच्या खिडकीखाली सापडलेला ऑइल टँक आणि दहा वर्षांपूर्वीचा विक्रेता

प्रश्न थोडक्यात असा आहे: सेंट्रल जर्सीत 1952 सालचं केप कॉड पद्धतीचं घर, आम्ही 2015 मध्ये घेतलं, तेव्हापासून गॅस हीट. आता विकायला काढलं तर बायरच्या टँक स्वीपमध्ये, म्हणजे जमिनीखाली टँक आहे का हे यंत्रानं तपासताना, किचनच्या खिडकीखाली अंदाजे 550 गॅलनचा जुना हीटिंग ऑइलचा टँक सापडला. आम्ही तेलाचा एक थेंबही कधी विकत घेतलेला नाही. बायरचा वकील म्हणतो काढून द्या नाहीतर डील कॅन्सल. शेजारचे काका म्हणतात गुपचूप वाळू भरून टाका, ब्रोकर म्हणतो दुसरा बायर शोधू. ताई, हा खर्च आम्हीच का करायचा? आधीच्या मालकाकडून काही मिळेल का, की दहा वर्षं झाली म्हणजे संपलं?

आधी काकांचं बघू. त्यांना चहा पाजा, पण वाळूचं डोक्यातून काढून टाका. महिन्यापूर्वी तुम्हाला त्या टँकचा पत्ता नव्हता, आता स्वीपचा रिपोर्ट तुमच्या ईमेलमध्ये येऊन पडलाय, म्हणजे आता तुम्हाला माहीत आहे आणि बायर बदलल्यानं त्यात काही फरक पडत नाही. ऑगस्ट 2024 पासून न्यू जर्सीत विक्रेत्याला प्रॉपर्टी कंडिशन डिस्क्लोजरचा फॉर्म द्यावाच लागतो आणि त्यात जमिनीखालच्या टँकबद्दल सरळ प्रश्न आहे. लिस्टिंगच्या वेळी तुम्ही तिथे माहीत नाही असं लिहिलं असणार आणि ते तेव्हा खरंच होतं, पण पुढच्या बायरला तोच फॉर्म तसाच दिलात तर ती फसवणूक झाली, आणि तुमच्या सहीचा कागद त्याच्या वकिलाच्या हातात. ब्रोकरला हे कळत नाही असं नाही, त्याला कमिशनची घाई आहे, पण लायसन्स त्याचंही जाऊ शकतं. फॉर्म याच आठवड्यात दुरुस्त करा.

आता तुमचा खरा प्रश्न. यात दोन वेगळे खर्च आहेत आणि लोक ते एकत्र धरून उगाच घाबरतात. एक, नुसता टँक काढायचा खर्च, तो साधारण दोन-तीन हजार डॉलरच्या आसपास बसतो, आणि टँक कोरडा, शाबूत निघाला तर विषय तिथेच संपला, तेवढ्यासाठी कोणावर केस करू नका, माझी वकिलीची फी त्याहून जास्त होईल. दुसरा खर्च टँक गळलेला असेल तर माती आणि कदाचित भूजल साफ करायचा, तो दहा हजारांपासून लाखाच्या पुढेही जाऊ शकतो. खरं भांडण त्याचं असतं आणि त्यासाठी न्यू जर्सीत 1976 चा स्पिल अ‍ॅक्ट आहे. हा कायदा कडक आहे, तेल सांडलं त्याला जबाबदार असलेल्या माणसाची चूक होती की नव्हती हे तो बघतच नाही. आणि तुमच्यासारख्या नंतरच्या मालकालाही तो सहज सोडत नाही, 14 सप्टेंबर 1993 नंतर घर घेतलं असेल तर मला माहीत नव्हतं एवढं म्हणून भागत नाही, घेताना रीतसर चौकशी केली होती का हे विचारतात. म्हणून 2015 चा तुमचा होम इन्स्पेक्शन रिपोर्ट आजच शोधून शब्द न् शब्द वाचा. त्यात कुठेतरी टँक स्वीप करून घ्या अशी एक ओळ छापलेली असते, तुम्ही ती तेव्हा वाचली नसणार, कोणीच वाचत नाही, पण समोरचा वकील नक्की वाचेल.

बेसमेंटमध्ये पण एक चक्कर मारा. बॉयलरच्या जवळच्या भिंतीतून बोटाएवढ्या जाडीच्या तांब्याच्या दोन नळ्या बाहेर आलेल्या आणि टोकं चेपून बंद केलेली दिसतायत का, त्यावर बहुतेक भिंतीचाच रंग मारलेला असतो. त्यांतली एक टँकमधून तेल आणायची आणि दुसरी उरलेलं परत न्यायची. फोटो काढा, हात लावू नका, कापू तर अजिबात नका.

डीईपी, म्हणजे राज्याचं पर्यावरण खातं, न गळणारा घरगुती टँक काढाच म्हणून मागे लागत नाही. पण बायरचा लेंडर आणि इन्शुरन्सवाला लागतो, आणि वाळू भरून जागेवर सोडलेला टँक आजकाल कुठलाच बायर घेत नाही कारण खालची माती कोणी तपासलीच नाही. त्यामुळे काढायचा, आणि तुम्हीच काढायचा. इथे माझं ठाम मत आहे, बायरला क्रेडिट, म्हणजे किमतीतून पैसे कापून, देऊन तुझा तू काढ म्हणू नका. तो म्हणेल तो कॉन्ट्रॅक्टर, तो म्हणेल तेवढी माती आणि बिल मात्र तुमच्या नावावर. क्लोजिंग, म्हणजे घराचा ताबा देण्याची तारीख, दोन महिने पुढे ढकला, रेट लॉकचा (त्याच्या कर्जाचा व्याजदर तोवर धरून ठेवायचा) खर्च मागितला तर तेवढा द्या, ते स्वस्त पडेल.

काढण्याची रीत अशी. टाउनशिपच्या कन्स्ट्रक्शन ऑफिसमधून परमिट, खणायच्या आधी तीन बिझनेस डे 811 ला फोन (जमिनीखालच्या गॅस-विजेच्या लाइन्सवर खुणा करून घ्यायला), आणि कॉन्ट्रॅक्टर डीईपीनं सर्टिफाय केलेला. ज्यानं स्वीप केला त्यालाच काम देऊ नका, आणि सगळं आवार पुन्हा स्वीप करून घ्या कारण लोखंड शोधणारा मॅग्नेटोमीटर फाउंडेशनमधल्या सळ्यांनी फसतो, रडार चिकणमातीत नीट चालत नाही, आणि दुसरा टँक नंतर सापडलेली घरं मी पाहिलीत. काढायच्या दिवशी घरी थांबा. मी माझ्या एका क्लायंटच्या घरी उभी होते, बॅकहोनं टँक उचलला तेव्हा वरून नुसता तांबरलेला, सगळे खूश, मग त्याला गवतावर आडवा करून माती खरवडली आणि टाउनशिपच्या इन्स्पेक्टरनं स्क्रूड्रायव्हरचं टोक तळाशी टेकवलं तर ते सरळ आत गेलं. क्वार्टरच्या नाण्याएवढं भोक. खड्ड्यातून लहानपणीच्या रेशनच्या दुकानातल्या रॉकेलसारखा वास आला आणि क्लायंटच्या बायकोनं माझ्याकडे बघितलं. असं झालं तर डीईपीच्या हॉटलाइनला तिथल्या तिथे फोन करायचा, केस नंबर मिळतो, तो कागद सांभाळायचा. यात घाबरण्यासारखं काही नाही, पुढे माती काढून सॅम्पल स्वच्छ आले की डीईपी नो फर्दर अ‍ॅक्शन लेटर, म्हणजे आता पुढे काही करायची गरज नाही असं पत्र, देतं आणि बायरच्या वकिलाला तेच पत्र हवं असतं. आणि साफसफाईचे पैसे पुढे कोणाकडून मागायचे असतील तर ती डीईपीच्या मंजुरीनं झालेली असावी लागते, म्हणूनही हा फोन टाळून चालत नाही.

पण हे सगळं करायच्या आधी एक गोष्ट जी बहुतेक लोक विसरतात आणि मग माझ्याकडे रिकाम्या हातानं येतात: ज्यानं तुम्हाला घर विकलं त्याला वकिलामार्फत पत्र गेलं पाहिजे की अमुक तारखेला टँक निघतोय, तुमचा माणूस पाठवायचा तर पाठवा. टँक भंगारात गेला आणि माती लँडफिलमध्ये गेली की तुमचा पुरावा पण गेला, मग तो म्हणणार भोक तुमच्या काळात पडलं. भोकांचे पट्टी ठेवून फोटो, व्हिडिओ, आणि पत्र्याच्या गंजावरून गळती किती जुनी ते सांगू शकेल असा एक्सपर्ट, थोडे पैसे जातील पण इथे कंजूषी नको. 2012 मध्ये न्यू जर्सी सुप्रीम कोर्टानं डिमँट केसमध्ये सांगितलंय की कोणाच्या तरी हातून काही सांडलं होतं एवढं दाखवून चालत नाही, त्या सांडण्याचा आणि आज सापडलेल्या प्रदूषणाचा संबंध दाखवावा लागतो.

दहा वर्षांची भीती मात्र सोडा. मॉरिसटाउनमधल्या एका शॉपिंग सेंटरमध्ये ड्राय क्लीनरचा असाच हीटिंग ऑइलचा टँक होता, त्याचे पाइप वर्षानुवर्षं गळत होते, 2003 मध्ये कळलं आणि 2006 मध्ये मालकानं तेल पुरवणाऱ्या कंपन्यांवर केस केली. खालच्या कोर्टांनी सहा वर्षांची मुदत लावून मोडीत काढली, पण जानेवारी 2015 मध्ये राज्याच्या सुप्रीम कोर्टानं सांगितलं की स्पिल अ‍ॅक्टखाली साफसफाईच्या खर्चातला वाटा मागायला मुदतच नाही. मॉरिसटाउन असोसिएट्स विरुद्ध ग्रँट ऑइल, हे नाव तुमच्या वकिलाला सांगायची गरज पडली तर वकील बदला. एवढं लक्षात ठेवा की यात साफसफाईचा खर्च मिळतो, घराची कमी झालेली किंमत नाही, आणि आपापल्या वकिलाची फी आपणच भरायची ही इथली रीतच आहे.

फसवणुकीचा दावा वेगळा. त्याला सहा वर्षांची मुदत आहे, पण कळलं तेव्हापासून किंवा कळायला हवं होतं तेव्हापासून मोजतात, आणि त्या दुसऱ्या अर्ध्यावर भांडण होईल, ते म्हणतील 2015 मध्येच स्वीप केला असता तर कळलं असतं. मूळ तत्त्व जुनं आहे, 1974 च्या वाइनट्रॉब केसमध्ये घर घेणारे नवरा-बायको रात्री घर बघायला गेले, दिवा लावला तर झुरळं सैरावैरा पळाली, आणि कोर्टानं म्हटलं की लपलेल्या दोषाबद्दल विक्रेत्यानं नुसतं गप्प बसणं हीसुद्धा फसवणूक होऊ शकते. पण त्याला माहीत होतं हे तुम्ही सिद्ध करायचं. कसं? टाउनशिपकडे ओप्राखाली (सरकारी कागद मागायचा राज्याचा कायदा) तुमच्या पत्त्याची सगळी परमिट्स मागा, सात बिझनेस डेमध्ये उत्तर द्यावं लागतं. त्यात ऑइलवरून गॅसवर गेल्याचं परमिट शोधा. आणि काउंटी क्लर्ककडून जुन्या डीड्स काढा, कोण कधीपासून कधीपर्यंत मालक होतं. गॅसचं परमिट समजा 1991 चं निघालं आणि तुमचा विक्रेता 1984 पासून तिथे राहत होता तर त्यानं सात हिवाळे त्याच टँकमधलं तेल जाळलं, तो माहीत नव्हतं कुठल्या तोंडानं म्हणेल? आणि उलट परमिट त्याच्या आधीच्या मालकाच्या काळातलं निघालं तर फसवणुकीचं विसरा, स्पिल अ‍ॅक्टखाली त्या त्याच्या आधीच्याला, हयात नसेल तर त्याच्या इस्टेटला शोधायचं, कष्टाचं काम आहे पण होतं.

तुमच्या होमओनर्स इन्शुरन्सला टँक निघायच्या आधीच लेखी कळवा. ते बहुधा पोल्यूशन एक्सक्लूजन, म्हणजे प्रदूषण वगळणारं कलम, दाखवून नाही म्हणतील, नकार लेखी घ्या. स्वतःच्या मातीचं नुकसान पॉलिसीत बसत नाही, पण तेल भूजलात किंवा शेजाऱ्याकडे गेलं असेल तर ते दुसऱ्याचं नुकसान धरतात आणि मग लायबिलिटीच्या बाजूनं वाद घालता येतो, विशेषतः आधीच्या मालकाच्या जुन्या पॉलिसींवर, म्हणून त्याला पाठवायच्या पत्रात त्याच्या इन्शुरन्सला कळव असं पण लिहा.

राहता राहिले काका, कारण तेल गेलं तर बहुतेक त्यांच्याच हद्दीत जाणार. 2015 मध्येच रॉस विरुद्ध लोविट्झ केसमध्ये ठरलंय की नुसता टँक गळून तेल शेजारी गेलं एवढ्यावर, निष्काळजीपणा नसेल तर, न्यूसन्स (उपद्रव) किंवा ट्रेसपासचा (हद्दीत घुसखोरीचा) दावा चालत नाही. पण रिपोर्ट हातात असताना त्यांचं ऐकून वाळू भरलीत तर तो निष्काळजीपणाच, आणि मग तुमच्यावर केस करायला तेच येतील.

तुमचं कॉन्ट्रॅक्ट मी पाहिलेलं नाही, इन्स्पेक्शनची मुदत कधी संपते ते बघा, कारण त्या तारखेपर्यंत बायरच्या वकिलाला उत्तर जायला हवं. ओप्राचा अर्ज ऑनलाइन होतो, तो मात्र आज रात्रीच टाका.