कोसळलेल्या ताऱ्याला तळ असतो का?

प्रश्न : सर, नमस्कार. मी पूर्व भागात राहतो. घरामागे चार मागांचा कारखाना आहे, टॉवेल काढतो. आता मुलगा बघतो, मला वाचायला वेळ मिळतो. वाचनालयातल्या एका जुन्या दिवाळी अंकात वाचलं की कृष्णविवर असं काही नसतंच, तारा फक्त कोसळत राहतो, कायमचा. आणि असं म्हणणारे शास्त्रज्ञ आपल्या भाभा अणुसंशोधन केंद्रातले आहेत. नातू म्हणतो, आजोबा, कृष्णविवराचा फोटोसुद्धा निघालाय. मी काय खरं धरू?
– एक वाचक, सोलापूर

उत्तर : नमस्कार. तुम्ही वाचलं ते खरंच कुणीतरी मांडलेलं आहे, आणि नातू सांगतो तो फोटोही खरा आहे. तरी त्या फोटोने तुमचा प्रश्न सुटत नाही. म्हणून जरा सविस्तर लिहितो.

तारा कोसळतो, याबद्दल वाद नाही. आतल्या उष्णतेचा दाब बाहेर ढकलतो, स्वतःचं वजन आत ओढतं. इंधन संपलं की ओढ जिंकते. १९३० साली एकोणीस वर्षांचे खगोलशास्त्रज्ञ सुब्रह्मण्यन चंद्रशेखर मुंबईहून बोटीने इंग्लंडला निघाले. त्या प्रवासात त्यांनी हिशेब मांडला, की विझलेल्या ताऱ्याचं वस्तुमान सूर्याच्या साधारण १.४ पटींहून जास्त असेल, तर श्वेतबटू, म्हणजे आकसून लहान झालेला पण स्थिर तारा, म्हणून तो तग धरू शकत नाही. १९३५ मध्ये लंडनच्या सभेत तेव्हाचे नावाजलेले खगोलशास्त्रज्ञ एडिंग्टन यांनी या निष्कर्षाला उघड विरोध केला. तारा असा कोसळत जाऊ नये म्हणून निसर्गात काहीतरी नियम असलाच पाहिजे, असं त्यांचं म्हणणं होतं. पुढचा टप्पा न्यूट्रॉन ताऱ्याचा. सूर्याएवढा ऐवज जेमतेम वीस किलोमीटर रुंदीच्या गोळ्यात मावतो म्हणा ना. पण त्यालाही मर्यादा आहे, सूर्याच्या दोन ते तीन पटींच्या दरम्यान कुठेतरी. त्यापलीकडे कोसळणं थोपवणारं कुठलंही बळ आपल्याला माहीत नाही.

तुम्ही ज्यांच्याबद्दल वाचलं ते बहुधा आभास मित्रा. २०००च्या सुमारास त्यांनी मांडलं ते थोडक्यात असं : तारा आकसत जातो तसा त्याचा स्वतःचाच प्रकाश आत अडकत जातो. अडकलेल्या प्रकाशाचा दाब वाढत वाढत ओढीच्या जवळपास बरोबरीला येतो. मग कोसळणं थांबत नाही, पण इतकं मंदावतं की ते कधी पुरंच होत नाही. बाहेरून दिसायला काळं, आत भयंकर तापलेला गोळा. म्हणजे एडिंग्टनना जो नियम हवा होता, तोच इथे सापडल्याचा दावा आहे.

इतरांनीही तोच शोध वेगवेगळ्या वाटांनी घेतला. माझुर आणि मोटोला यांनी २००१ मध्ये ‘ग्रॅव्हास्टार’ सुचवला : बाहेर पातळ, कमालीचं ताठर कवच आणि आत बाहेरच्या बाजूला ढकलणारी पोकळी. समीर माथुर यांचा ‘फझबॉल’, म्हणजे तंतूंचा गुंतलेला गोळा, तंतुसिद्धान्तातून आला; या सिद्धान्तात मूलकण म्हणजे कंप पावणारे अतिसूक्ष्म तंतू मानतात. मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत पंकज जोशी यांनी दाखवलं की काही परिस्थितींत कोसळणाऱ्या ढगाच्या मध्याला झाकणारा पडदा तयारच होत नाही, ते केंद्र उघडं राहू शकतं. ही सगळी माणसं गणित नीट जाणणारी आहेत. त्यांना हट्टी म्हणून सोडून देणं मला पटत नाही, कारण त्यांची अडचण खरी आहे. अमलकुमार रायचौधुरींचं १९५५चं समीकरण आणि पेनरोज यांचा १९६५चा सिद्धान्त एकत्र वाचले, की कळतं : एका मर्यादेपलीकडे कोसळणं गेलं, तर आइनस्टाइनच्या सिद्धान्तानुसार शेवट अशा जागी होतो जिथे तो सिद्धान्तच लागू राहत नाही. पेनरोजना यासाठी २०२०चं नोबेल मिळालं. असा शेवट कुणालाही खटकावा.

आता निवाडा कसा करायचा? आपल्या जिल्ह्यात उन्हाळ्यात विहिरीजवळून जाताना माणूस सहज खडा टाकतो. डुबुक झालं तर पाणी आहे, टक् झालं तर तळ कोरडा. विहीर खोल असली तर आवाज उशिरा येतो, पण येतो. शास्त्रज्ञांनी हेच केलं, फक्त खडा त्यांना टाकावा लागला नाही. शेजारच्या ताऱ्यातला वायू या कोसळलेल्या गोळ्यांवर सतत पडतच असतो. न्यूट्रॉन ताऱ्याला पृष्ठभाग असतो. पडलेला वायू तिथे साठतो, तापतो आणि अधूनमधून अणुस्फोट होऊन काही सेकंद क्ष-किरणांचा भडका उडतो. १९७०च्या दशकापासून असे भडके अनेक न्यूट्रॉन ताऱ्यांवर नोंदले गेले आहेत. पण सूर्याच्या तीन पटींहून जड असलेल्या काळ्या गोळ्यांवर असा भडका एकदाही दिसलेला नाही. रमेश नारायण यांनी यावर बरीच वर्षं काम केलं. त्यांचं म्हणणं सरळ आहे : खडा पडतोय, आवाज येत नाही, म्हणजे तळ नाही.

मला हा युक्तिवाद फार आवडतो, तरी त्यावरचा आक्षेपही तुम्हाला सांगितला पाहिजे. २००२ मध्ये काही शास्त्रज्ञांनी लिहिलं की पृष्ठभाग कृष्णविवराच्या सीमेच्या, म्हणजे जिच्या आतून प्रकाशही बाहेर पडू शकत नाही तिच्या, अगदी लगत असेल, तर तिथला प्रकाश बाहेर येईपर्यंत इतका क्षीण होतो की आवाज झाला तरी आपल्याला ऐकू येणार नाही. आभास मित्रा यांचा गोळाही याच फटीत बसतो. ही फट अजून पूर्ण बुजलेली नाही.

दुसरी कसोटी माठाची. कुंभाराकडे आपण माठ बोटाने वाजवून घेतो. नादावरून तो पक्का भाजला आहे की तडकलेला, ते कळतं. १९७० मध्ये सी. व्ही. विश्वेश्वरांनी गणिताने दाखवलं की कृष्णविवराला धक्का दिला तर तेही वाजतं, आणि त्याचा नाद झरझर विरतो. पंचेचाळीस वर्षांनी, १४ सप्टेंबर २०१५ रोजी, अमेरिकेतल्या लायगो या गुरुत्वीय लहरी, म्हणजे अवकाशात उठणारे तरंग, टिपणाऱ्या यंत्रांना तसाच नाद मिळाला. सूर्याच्या ३६ आणि २९ पट वस्तुमानाचे दोन गोळे एकमेकांत मिसळून ६२ पटींचा एक झाला. उरलेले तीन सूर्य गुरुत्वीय लहरींच्या रूपाने निघून गेले. आत कवच किंवा पृष्ठभाग असता, तर नाद विरल्यावर मागून प्रतिध्वनी यायला हवे होते. ते शोधले गेले, पण पटण्याजोगे सापडले नाहीत. आपल्या हिंगोलीत, औंढा नागनाथजवळ, असंच यंत्र होऊ घातलं आहे. कान जितके जास्त आणि तीक्ष्ण, तितके प्रतिध्वनींना लपायला कोपरे कमी.

फोटोचं म्हणाल तर नातवाने दाखवलेला बहुधा १० एप्रिल २०१९चा, एम ८७ दीर्घिकेच्या केंद्राचा. साडेपाच कोटी प्रकाशवर्षांवर, सूर्याच्या ६५० कोटी पट जड. मधला काळा भाग म्हणजे सावली आहे. तिचा आकार आइनस्टाइनच्या सिद्धान्ताशी जुळतो, पण पुरेशा घट्ट ग्रॅव्हास्टारची सावलीही जवळपास तशीच पडेल. म्हणून एकट्या फोटोवर मी निकाल देत नाही.

तर काय धरायचं? मी स्वतः कृष्णविवर धरतो. दोन अगदी वेगळ्या कसोट्यांनी एकच उत्तर दिलं आहे, आणि पर्यायांना जगण्यासाठी पृष्ठभाग दर वेळी सीमेच्या आणखी जवळ सरकवावा लागतो आहे. आभास मित्रा यांचं म्हणणं बहुतेक संशोधकांनी स्वीकारलेलं नाही, मलाही ते पटलेलं नाही. पण सीमेच्या आत, अगदी शेवटी काय होतं, या प्रश्नात ते आणि त्यांचे विरोधक दोघेही अस्वस्थ आहेत, आणि तिथे मीही आहे. तो दिवाळी अंक टाकू नका. नातवाला वाचायला द्या, आणि आवाज न आलेल्या खड्याची गोष्टही सांगा.

प्रश्न : मी अकरावीत आहे. साध्या दुर्बिणीतून कृष्णविवर दिसेल का?
– एक विद्यार्थिनी, वैराग

उत्तर : ते दिसणार नाही, पण ज्याला ते फिरवतंय तो तारा दिसेल. दसऱ्याच्या सुमारास संध्याकाळी सात-साडेसातला हंस तारकासमूह डोक्यावर, किंचित उत्तरेकडे असतो. हंसाच्या लांब मानेच्या मध्यावर एक तारा आहे. त्याच्यापासून पूर्ण चंद्राच्या रुंदीएवढ्या अंतरावर नवव्या प्रतीचा एक निळसर तारा सापडतो. नुसत्या डोळ्यांना तो दिसत नाही. तो ५.६ दिवसांत एका अदृश्य सोबत्याभोवती फेरी मारतो. त्या सोबत्याचं वस्तुमान सूर्याच्या २१ पट, अंतर सुमारे ७,२०० प्रकाशवर्षं. हाच हंस एक्स-१. १९७१-७२ मध्ये याच फेरीवरून सोबत्याचं वजन काढलं गेलं.

सोलापुरात दिव्यांमुळे तो शोधणं अवघड जातं. आम्ही तुमच्याच रस्त्यावर, नान्नजच्या पुढे एका ओळखीच्या शेतात जातो, मुलांनी हाताने घासलेल्या सहा इंची आरशाची दुर्बीण घेऊन. पहिल्यांदा तो सापडला तेव्हा दुर्बिणीत दिसला तो फक्त एक बारीक ठिपका, शेजारच्या दहा ठिपक्यांसारखाच. मी बराच वेळ डोळा काढला नाही. मागे रांगेत उभी असलेली मुलं शेवटी म्हणाली, सर, आता आम्हाला.