आईच्या अंगठ्याचं नख हिरवं-काळं झालंय: बुरशीच्या गोळ्या थांबवा, आधी नख कोरडं करा

भाऊ, तुम्ही लिहिलेलं सगळं वाचलं, फोटोही मोठे करून पाहिले. आईंचं वय 52, भंडारा जिल्ह्यात धानाची शेती, घरी दोन म्हशी. मागच्या पावसाळ्यात रोवणीनंतर उजव्या हाताच्या अंगठ्याचं नख टोकाकडून सुटलं, दिवाळीनंतर त्याखाली हिरवट काळा रंग दिसू लागला. गावच्या मेडिकलवाल्याने बुरशी म्हणून दर आठवड्याला 150 मिलिग्रॅमची फ्लुकोनाझोल दिली, दोन महिने झाले, फरक नाही. दुखत नाही, पू नाही. आणि तुमचे तीन प्रश्न: ही बुरशीच आहे का, नख काढावं लागेल का, घरात दुसऱ्याला होईल का.

मी आपल्याच भागातल्या सरकारी दवाखान्यात परिचारिका होते, बरीचशी नोकरी ड्रेसिंगच्या खोलीत गेली. प्रत्यक्ष तपासल्याशिवाय छातीठोक कोणीच सांगू नये, पण फोटोत दिसतंय ते मला बुरशीपेक्षा जिवाणूचं काम वाटतं. स्यूडोमोनास नावाचा जिवाणू. बुरशीने नख बहुधा पिवळट, पांढुरकं किंवा तपकिरी होतं, जाड होतं, खाली भुसा साठतो, टोकाला ठिसूळ होऊन झडतं. आईंचं नख जाड झालेलं नाही, वरून गुळगुळीत आहे, फक्त सुटलेल्या भागाखाली रंग आहे आणि तो कडेला शेवाळी हिरवा, मध्ये काळपट आहे. असं चित्र स्यूडोमोनासचं असतं.

हा रंग म्हणजे रक्त साकळणं नाही की नख सडणंही नाही. हा जिवाणू स्वतः रंग तयार करतो, निळसर हिरवा पायोसायनिन आणि पिवळट हिरवा पायोव्हर्डिन. जखमांच्या पट्ट्या निळ्या-हिरव्या का होतात याचा शोध घेताना फ्रान्समध्ये गेसार यांनी 1882 मध्ये हा जिवाणू वेगळा काढला. नखाच्या हिरव्या रंगाशी त्याचा संबंध गोल्डमन आणि फॉक्स यांनी 1944 मध्ये मांडला. भाजलेल्या पेशंटची पट्टी सोडताना गॉजवर पोपटी डाग आणि गोडसर, पिकल्या द्राक्षासारखा वास आला की आम्ही डॉक्टरांना लगेच हाक मारायचो. तोच जिवाणू हा. फक्त धडधाकट माणसाच्या नखाखाली तो गरीब असतो, नखाच्या आणि मासाच्या मधल्या फटीत बसून राहतो. आत शिरत नाही, म्हणून आईंना दुखत नाही.

तो चिखलात असतो, साचलेल्या पाण्यात असतो, मोरीत असतो, ओल्या घासणीत असतो. त्याला टाळून खेड्यात राहताच येणार नाही. पण चांगल्या, घट्ट चिकटलेल्या नखाला तो काही करू शकत नाही. त्याला आधी फट लागते आणि त्या फटीत कायम ओल लागते. आईंच्या बाबतीत फट कशी झाली हे रोवणी करणाऱ्या कोणालाही कळेल. डाव्या हातात पऱ्ह्याची, म्हणजे धानाच्या रोपांची पेंढी, उजव्या हाताने तीन-चार काड्या वेगळ्या करायच्या आणि अंगठा व दोन बोटांनी त्या चिखलात दाबायच्या. दिवसभर, वाकून. प्रत्येक दाबाला अंगठ्याचं नख मासापासून उचकटलं जातं आणि खाली चिखल भरतो. संध्याकाळी बाया काय करतात? तो चिखल बाभळीच्या काट्याने नाहीतर सेफ्टी पिनने उकरून काढतात. त्याने फट आणखी आत जाते. रोवणी संपली तरी पाणी कुठे संपतं? पहाटे शेण, मग दूध, भांडे, धुणं, सारवण. फट सुकायला सलग दोन तासही मिळत नाहीत. शिवाय या वर्षी उन्हाळी धानही लावलं असं तुम्ही लिहिलंय, म्हणजे जानेवारी-फेब्रुवारीत पुन्हा तोच चिखल.

म्हणून फ्लुकोनाझोलने काही झालं नाही. ते बुरशीचं औषध, जिवाणूवर त्याचा परिणाम नाही. आता मेडिकलवाला बहुतेक अमॉक्सिसिलिन देईल. तेही घेऊ नका, स्यूडोमोनासवर ते चालतच नाही. बुरशीसाठी टर्बिनाफिन म्हणून गोळी असते, हाताच्या नखाला रोज 250 मिलिग्रॅम, 6 आठवडे. चांगलं औषध आहे, पण नख खरवडून तपासणीत बुरशी दिसली तरच, आणि लिव्हरची तपासणी करून. हिरवा रंग गेल्यावरही नख जाड, पिवळं, भुसभुशीत राहिलं तर ती तपासणी जरूर करा, कारण दोन्ही एकत्र असू शकतात. चार औषधं एकत्र असलेली क्रीमची ट्यूब मात्र कोणी दिली तर परत करा. त्यात बहुधा स्टेरॉइड असतं. त्याने नखाभोवतीची कातडी पातळ होते आणि जिवाणूंना उलट मोकळं रान मिळतं.

आता उपचार. पहिलं काम सुटलेलं नख कापणं. नख उपटायचं नाही, त्याची गरज पडत नाही. जिथपर्यंत नख मासापासून उचललं गेलंय तिथपर्यंतच, कोरडं असताना, छोट्या नेलकटरने थोडं थोडं कापत जायचं. नेलकटर आधी पाण्यात उकळून वाळवून घ्या. सुटलेल्या नखाला वेदना नसते. दुखलं की समजायचं, चिकटलेली जागा आली, तिथे थांबायचं. अर्धं नख गेल्यावर अंगठा विचित्र दिसेल, आई घाबरतील, शेजारीण काहीबाही बोलेल. बोलू द्या. फटीवरचं छप्पर निघाल्यावर आत हवा लागते आणि निम्मं काम तिथेच होतं. आईंना साखर असेल तर मात्र हे घरी करू नका, दवाखान्यात करून घ्या.

दुसरं, व्हिनेगर. किराणा दुकानात स्वयंपाकाचं साधं पांढरं व्हिनेगर मिळतं तेच. एक झाकण व्हिनेगर, चार झाकण स्वच्छ पाणी, वाटीत घ्यायचं, अंगठा पाच ते दहा मिनिटं बुडवायचा, सकाळ-संध्याकाळ. सौम्य ॲसेटिक ॲसिड या जिवाणूला सोसत नाही, दवाखान्यात हिरव्या जखमांनाही ते वापरतात. मिश्रण दर वेळी ताजं करा. आणि मेहरबानी करून प्रमाण वाढवू नका. लवकर बरं व्हावं म्हणून संडास साफ करायच्या ॲसिडचे थेंब टाकलेलं बोट मी पाहिलंय. बुडवून झाल्यावर सुती फडक्याने टिपून पूर्ण कोरडं करायचं. ओला अंगठा तसाच पदराला पुसून पुढच्या कामाला लागल्या, तर त्या दहा मिनिटांचा काही उपयोग नाही.

तिसरं, थेंब. डॉक्टर कदाचित डोळ्यात घालायचे जेंटामायसिनचे किंवा सिप्रोफ्लॉक्सासिनचे थेंब नखासाठी लिहून देतील. चिठ्ठी पाहून लोक परत येतात, म्हणतात, सिस्टर, डोळ्याचं औषध नखाले काहून? कारण मलम वरच बसतं आणि पातळ थेंब फटीत शिरतो. चिठ्ठी बरोबर असते. पण थेंब डॉक्टरांना विचारूनच घ्या. पोटातल्या गोळ्या अशा नखाला क्वचितच लागतात.

गावठी उपायांबद्दल. बिब्बा लावू नका! आपल्याकडे नख दुखलं, पाय फुटला, काटा रुतला की बिब्बा तापवून चरका द्यायची सवय आहे. एका बाईने असाच हिरव्या नखावर बिब्ब्याचा चरका दिला होता. आली तेव्हा अंगठा पेरापर्यंत फोडांनी भरलेला, फोडातून पाणी गळतंय, आणि बिब्ब्याच्या काळ्या डागामुळे खालचा मूळ रंगच दिसेना. ज्या नखाने तिला काही त्रास दिला नव्हता त्यापायी तिची मजुरी बुडाली. बिब्ब्याच्या तेलाने कातडी पोळते, आणि पोळलेल्या ओल्या कातडीत जिवाणू आत जातो. चुना-गूळही नको. बोटावर लिंबाची टोपी चढवतात ती नखुरड्यासाठी. लिंबाचा आंबटपणा थोडं काम करत असेलही, पण रात्रभर बोट रसात भिजत राहतं आणि आपल्याला हवंय नेमकं उलट. हळदीने नख पिवळं होऊन खरा रंग झाकला जातो, मेंदीचंही तेच. दोन-तीन महिने यातलं काहीच लावू नका, रंग उघडा दिसू दे.

आता सगळ्यात अवघड भाग, आणि इथे मला तुमच्याशी, तुमच्या वडिलांशी आणि भावाशी बोलायचं आहे. आईंना 'हात कोरडा ठेव' एवढं सांगून काही होणार नाही. खेड्यातल्या बाईचा हात कोरडा राहायचा असेल तर ओलं काम दुसऱ्या कोणीतरी करावं लागतं. दोन म्हशींचं शेण काढायला गड्यामाणसाला किती वेळ लागतो? भांडे घासायला? माझ्यासमोर कितीतरी बाया बसून गेल्या, औषध नीट लावायच्या, पण आठ दिवसांनी नख तसंच. विचारलं की मान खाली घालून म्हणायच्या, घरी दुसरं करणारं कोणी नाही. घरात तीन धडधाकट पुरुष असायचे. याचं मला अजूनही वाईट वाटतं. तुम्ही पुण्याहून फोनवर रोज औषधाची आठवण करता हे चांगलंच आहे. त्याच फोनवर भावाला सांगा, तीन महिने गोठा आणि भांडे त्याच्याकडे.

जे काम टाळताच येत नाही त्यासाठी रबरी हातमोजे, आत पातळ सुती मोजा. नुसत्या रबरात घाम येतो, तीही ओलच. अर्ध्या तासाने काढून हात वाळवायचे. चिखलाच्या कामात हातमोजे नकोत. मनगटातून पाणी आत जातं आणि बोट दिवसभर त्यातच राहतं. भांड्यांची जुनी घासणी फेकून द्या, नवी उन्हात वाळत ठेवत जा.

घरात दुसऱ्याला होईल का? निरोगी माणसाच्या साबूत नखाला या नखापासून धोका नाही. भाकरी थापू द्या, नातवंडांना जवळ घेऊ द्या. पण तुमच्या बहिणीचं बाळंतपण पुढच्या महिन्यात माहेरी आहे असं तुम्ही ओघात लिहिलंय, त्यावर मी थांबले. नवजात बाळाला, विशेषतः कमी वजनाच्या, हा जिवाणू गंभीर आजार करू शकतो. म्हणूनच नवजात कक्षात काम करणाऱ्या सिस्टरना नखं वाढवायची परवानगी नसते. नख स्वच्छ होईपर्यंत बाळाचं न्हाणं, तेल लावणं, नाळेची काळजी आईंनी करू नये. त्यांना हे लागेल, नातवाला न्हाऊ घालायची हौस असते. समजावून सांगा की थोड्या दिवसांचा प्रश्न आहे. कोणाच्या उघड्या जखमेची पट्टीही त्यांनी बदलू नये.

रंग कधी जाईल? जिवाणू दोन-चार आठवड्यांत मरेल, पण नखात मुरलेला रंग पुसला जात नाही, तो नखासोबत पुढे सरकत जातो. हाताचं नख महिन्याला साधारण 3 मिलिमीटर वाढतं, त्यामुळे मुळाकडून स्वच्छ गुलाबी नख येऊन अंगठा भरायला तीन-चार महिने, कधी सहाही लागतात. दर महिन्याच्या एक तारखेला त्याच जागी, त्याच उजेडात फोटो काढायला सांगा. डागाची मुळाकडची कड पुढे सरकली तर ठीक. जागच्या जागी राहिली किंवा मागे मुळाकडे पसरली तर औषध बदलायला हवं.

काही गोष्टींना वाट पाहायची नाही. नखाच्या कडेला सूज, ठणका, पू म्हणजे नखुरडं. तो बहुतेक वेळा वेगळा जिवाणू असतो आणि साचलेला पू डॉक्टरांकडून काढून घ्यावा लागतो. हातावर लाल रेघ चढली, ताप आला तर त्याच दिवशी दवाखाना. नखाच्या मुळापासून टोकापर्यंत काळी-तपकिरी उभी पट्टी असेल, ती रुंद होत असेल किंवा काळेपणा नखामागच्या कातडीवर उतरला असेल, तर त्वचारोगतज्ज्ञांना दाखवायलाच हवं. तो क्वचित कर्करोगही असतो. आईंच्या फोटोत तसं काही दिसत नाही. तणनाशक फवारताना पंप गळून पॅराक्वाट बोटांवर येत असेल तर त्यानेही नखावर पांढरे-पिवळे पट्टे येतात, नख गळतं. घरात फवारणी कोण करतं ते विचारून घ्या.

आणि आईंची साखर तपासा. उपकेंद्रात तिशीपुढच्या लोकांची तपासणी मोफत होते, गावच्या आशाताईंना सांगितलं तर त्या घेऊन जातील. साखर जास्त निघाली तर नखाचं बरं होणं लांबतं, आणि पायाची नखंही दर आठवड्याला बघावी लागतील.

आता मार्च चालू आहे. आज सुरुवात केली तर जुलैच्या रोवणीपर्यंत नख बहुधा भरत आलेलं असेल. तरी या खरिपात आईंना बांधीत, म्हणजे धानाच्या चिखलात उतरू देऊ नका, कोवळं नख पहिल्याच दिवशी पुन्हा उचकटेल. रोवणी गुत्त्याने, म्हणजे ठेक्याने देऊन टाका. जो खर्च येईल तो तुम्ही पाठवा, आणि हे आईंना आत्ताच सांगून ठेवा, नाहीतर पऱ्हे तयार झाले की त्या कोणाचं ऐकणार नाहीत.