मणक्याच्या जुन्या दुखापतीच्या फॉलोअपला सातवं अक्षर ए, डी की एस?

राजारामपुरीतल्या मेडिकल कोडिंगच्या (आजार-दुखापतींना ठरावीक कोड देण्याच्या) क्लासमध्ये, दुखापतीच्या कोडच्या शेवटी उपचारांचा टप्पा सांगणाऱ्या सातव्या अक्षराबद्दल पडलेला तुमचा प्रश्न: अपघाताला चार महिने झाले, पेशंट नवीन डॉक्टरकडे पहिल्यांदाच आला, मग ‘ए’ लावायचं का? नाही. ‘ए’ पहिल्या भेटीचं नसून चालू मुख्य उपचारांचं अक्षर आहे. ऑपरेशन होऊन आता फक्त बरं होण्याच्या टप्प्यातली तपासणी असेल तर ‘डी’. म्हणजे टी७ ते टी१० (छातीच्या भागातले सातवा ते दहावा मणका) पातळीवर मज्जारज्जूची पूर्ण इजा असेल तर एस२४.११३डी. दुखापतीसाठी आफ्टरकेअरचा (उपचारांनंतरच्या देखभालीचा) झेड कोड लावू नका, ही चूक मी नव्या मुलांच्या चार्टमध्ये रोज दुरुस्त करते.

तीव्र टप्पा संपून कायमचा परिणाम उरला असेल तर ‘एस’. तिथे क्रम महत्त्वाचा: आधी परिणाम, म्हणजे पूर्ण पॅराप्लेजियाचा (दोन्ही पायांच्या लकव्याचा) जी८२.२१, मग एस२४.११३एस. टप्पा तारखेवरून ठरवू नका, डॉक्टरांची नोंद वाचा. संदिग्ध असेल तर त्यांना खुलासा मागणारी क्वेरी पाठवा.

हे सगळं अमेरिकन आयसीडी-१०-सीएमचं. जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ आयसीडी-१० मध्ये हे सातवं अक्षर नाही, तिथे मज्जारज्जूच्या इजेच्या उशिराच्या परिणामांना टी९१.३ आहे.